नाचणाऱ्यांचे पाय

गेल्या महिन्यात एका चॅनलवर रात्री उशिरा ‘मॉमा डोन्ट अलाउ’ दाखवली. लंडनच्या एका जॅझ क्लबात नाचणाऱ्या तरुणांवरची, १९५६ची, जेमतेम २२ मिनिटांची ही फिल्म मी इतक्या वेळा पाहिली आहे की पुढचं चित्र कोणतं येणार हे मला डोळे मिटूनही सांगता येईल. तरी चहा करून टीव्हीपुढे बसले आणि दोन मिनिटांत माझा पारा चढला. मूळ फिल्म जवळजवळ चौकोनी आकाराची. आजच्या रुंद पडद्यावर कडेला काळ्या पट्ट्या दिसू नयेत म्हणून कुणीतरी ती वरून-खालून कापली होती. डोकी कशीबशी वाचली, पाय गेले. जाईव्ह नाचणाऱ्यांचे पाय! मी रात्री साडेअकराला चॅनलला ईमेल लिहिली. उत्तर अजून आलेलं नाही.

हे एवढं मनाला का लागलं ते सांगते.

मी पोटासाठी सबटायटल्स लिहिते, ज्यांना ऐकू येत नाही त्यांच्यासाठीची. लंडनमध्ये येऊन एकवीस वर्षं झाली, त्यातली सतरा याच कामात गेली. या कामात एकेक तुकडा दहा-दहा वेळा पुढेमागे करावा लागतो. पहिल्यांदा तुम्ही गाणाऱ्याकडे बघता. तिसऱ्या वेळी त्याच्या बोटांकडे. सातव्या वेळेपर्यंत नजर आपसूक मागे जाते, कोपऱ्यात उभ्या असलेल्या मुलीकडे, जिला कॅमेरा आपल्याकडे वळलाय हे कळलंय आणि आता हात कुठे ठेवावेत ते सुचत नाहीये. १९५५ ते १९६५ या दहा वर्षांतल्या छोट्या ब्रिटिश पॉप फिल्मांच्या प्रेमात मी पडले ती अशा मुलींमुळे. या फिल्मांकडे समीक्षकांनी तेव्हाही नाक मुरडलं आणि अजूनही त्यांचा उल्लेख बीटल्सच्या आधीची भरताड असाच होतो. मला ते मुळीच पटत नाही.

‘मॉमा डोन्ट अलाउ’पासूनच सुरुवात करते. कारेल राइझ आणि टोनी रिचर्डसन या दोघांना ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या प्रायोगिक निधीतून ४२५ पौंड मिळाले. तेवढ्या पैशांत त्यांनी उत्तर लंडनमधल्या वुड ग्रीनला, ‘फिशमंगर्स आर्म्स’ नावाच्या पबमध्ये भरणारा जॅझ क्लब नऊ शनिवार चित्रित केला. कॅमेरा वॉल्टर लासालीच्या हातात होता, १६ मिलिमीटरचा, चावीचा बोलेक्स. चावी पूर्ण भरली तरी एक शॉट २२ सेकंदांच्या वर जात नाही. म्हणजे लांबलचक नाच सलग दाखवायची सोयच नव्हती. म्हणून मग चेहरा, लगेच कोपर, लगेच बूट, गिरकी घेताना उडालेला स्कर्ट, पुन्हा चेहरा. तो जो ताल आपल्याला इतका जिवंत वाटतो, त्यात निम्मा वाटा त्या संपत आलेल्या चावीचा आहे.

गोष्ट म्हणाल तर फारशी नाही. एक मुलगी रेल्वेचे डबे धुते आहे. एक मुलगा खाटकाच्या दुकानात आहे. एक मुलगी दातांच्या डॉक्टरकडे मदतनीस आहे. काम सुटतं आणि संध्याकाळी ही मंडळी क्लबात जमतात. एक जोडपं भांडतं, रुसतं, पुन्हा एकत्र येतं. मध्येच उच्चभ्रूंचं एक टोळकं मोटारीतून येतं, नाचायला बघतं आणि त्यांना काही ते साधत नाही. बस, एवढंच. पण दिवसभर डबे धुणाऱ्या मुलीचं शरीर रात्री नाचताना कसं मोकळं होतं हे त्याआधी कुणी इतक्या आदराने पडद्यावर दाखवलेलं मला तरी माहीत नाही.

आणि मागे बघा. स्टेजवर ख्रिस बार्बरचा बँड आहे, ऑटिली पॅटरसन गाते आहे, आणि त्यात तारा छेडणारा एक किडकिडीत तरुण आहे. तो लॉनी डोनेगन. बार्बरच्याच बँडच्या कार्यक्रमांत मध्यंतरात तो दोन-तीन साथीदार घेऊन जुनी अमेरिकन लोकगीतं गायचा. त्यातलं ‘रॉक आयलंड लाइन’ १९५४मध्ये रेकॉर्ड झालं होतं. ते जानेवारी १९५६मध्ये खपाच्या गाण्यांच्या यादीत चढलं आणि बघता बघता देशभर स्किफलची लाट आली. गिटार एक, कपडे घासायचा पन्हळी पत्रा, आणि चहाच्या रिकाम्या खोक्याला काठी नि दोरी लावून केलेला बास. झाला बँड तयार! ही फिल्म साउथ बँकच्या नॅशनल फिल्म थिएटरात पहिल्यांदा दाखवली गेली ती फेब्रुवारी १९५६मध्ये, म्हणजे नेमकी त्याच दिवसांत. प्रेक्षकांतल्या कितीजणांनी त्या बँजोवाल्याला ओळखलं असेल, हा विचार माझ्या डोक्यातून जात नाही.

त्याच वर्षी सोहोत, ५९ ओल्ड कॉम्प्टन स्ट्रीटवर, ‘टू आइज’ नावाचा कॉफी बार दोन ऑस्ट्रेलियन कुस्तीगिरांनी चालवायला घेतला. नाव मात्र आधीच्या मालकांवरून पडलेलं होतं. इराणी आडनावाचे भाऊ, म्हणून दोन ‘आय’. इराणी आडनाव आणि खानपानाचं दुकान, हे एकत्र वाचलं की मराठी माणसाचे कान टवकारणारच, माझेही टवकारले. आज तिथे भिंतीवर हिरवी पाटी आहे. मी पहिल्यांदा गेले तेव्हा त्या पाटीखाली बराच वेळ उभी राहिले आणि तळघर नेमकं पायाखाली कुठवर जात असेल याचा अंदाज घेत बसले. कॉफी बारमध्ये दारू मिळत नसे, म्हणून पबमध्ये ज्यांना मज्जाव तीही मुलंमुली तिथे बिनधास्त बसू शकत. एका कपावर दोन तास. गरम वाफेच्या इटालियन यंत्राची फुसफुस, ज्यूकबॉक्स, आणि खाली तळघरात गिटार. बर्मंडसीचा टॉमी स्टील, व्यापारी जहाजावर काम करणारा पोरगा, १९५६च्या शरदात गायक म्हणून इथेच हेरला गेला. पुढच्या वर्षी त्याच्या आयुष्यावर चित्रपट निघालाही! वय वर्षं वीस, कारकीर्द वर्षभराचीसुद्धा नाही, आणि पडद्यावर जीवनकथा. निर्मात्यांना केवढी घाई होती ते यावरून कळतं. हे वेड सहा महिन्यांत ओसरेल, त्याच्या आत पैसे वसूल करू, अशीच सगळ्यांची खात्री होती.

हे चित्रपट छोटे का, याची कारणं अगदी रोखठोक आहेत. तेव्हा एका तिकिटात मुख्य चित्रपट, दुय्यम चित्रपट, बातमीपट, जाहिराती असा सगळा ऐवज मिळे. दुय्यम चित्रपट तासाभराचा, फार तर सव्वा तासाचा असला तर गणित जमायचं. थिएटरांनी ठरावीक प्रमाणात ब्रिटिश फिल्मा दाखवल्याच पाहिजेत असा कायदा १९२७पासून होता आणि तो पूरक कार्यक्रमालाही लागू होता. त्यात १९५०पासून ईडी लेव्ही आली. तिकिटामागे थोडी रक्कम काढून ती ब्रिटिश निर्मात्यांना कमाईच्या प्रमाणात वाटायची. हे आधी स्वेच्छेने चालत होतं, १९५७मध्ये त्याचा कायदा झाला. अगदी छोट्या फिल्मांना त्यात झुकतं माप होतं. दुसरीकडे थिएटरं रिकामी होत चालली होती. १९४६मध्ये ब्रिटनमध्ये वर्षाला १६३ कोटींच्या आसपास तिकिटं खपली होती, १९६०मध्ये जेमतेम ५० कोटी. आईबाप घरी टीव्हीपुढे बसले होते. घराबाहेर पडायचं होतं ते फक्त पोरांना. मग पोरांसाठीच काहीतरी काढा, स्वस्तात काढा, लवकर काढा.

यातली एक गोष्ट मात्र मला पुस्तकातून कळली नाही, ती शेजारच्या बाईंनी सांगितली. त्या आज पंच्याऐंशीच्या आहेत. विशी गाठायच्या सुमारास त्या उत्तर लंडनमधल्या एका थिएटरात टॉर्च घेऊन लोकांना जागा दाखवायचं काम करत आणि मध्यंतरात गळ्यात ट्रे अडकवून आइसक्रीम विकत. मी त्यांना एकदा विचारलं, ‘‘या चित्रपटांच्या गोष्टी इतक्या साध्या का हो असायच्या?’’ त्या म्हणाल्या, ‘‘अगं, सुरुवातीला येतंच कोण होतं?’’ तेव्हा खेळ दुपारपासून रात्रीपर्यंत सलग चालत. तिकीट काढायचं, मध्येच आत शिरायचं, आणि फिरून तोच प्रसंग आला की ‘आपण इथूनच बघायला लागलो होतो’ म्हणत उठायचं. आता हे लक्षात घेऊन या फिल्मा बघा. दर सहा-सात मिनिटांनी गाणं. मधली गोष्ट अशी की कुठूनही पाहिली तरी दोन वाक्यांत समजावी. शनिवारी रात्री नऊला ओल्या कोटानिशी अंधारात चाचपडत येणाऱ्या प्रेक्षकांचा त्यात नेमका विचार आहे. मला तर यात उत्तम कारागिरी दिसते.

हे चित्रपट जपायला हवेत याचं आणखी एक कारण म्हणजे टीव्ही. बीबीसीवर संध्याकाळी सहा ते सात प्रक्षेपण बंद असे, लहान मुलांना झोपवता यावं म्हणून. १६ फेब्रुवारी १९५७ला ही बंदी उठली आणि त्याच शनिवारी ६ वाजून ५ मिनिटांनी ‘सिक्स-फाइव्ह स्पेशल’ हा पॉप संगीताचा कार्यक्रम सुरू झाला. जॅक गुड नावाच्या निर्मात्याने प्रेक्षकांना खुर्च्यांवरून उठवून कॅमेऱ्यांच्या मध्ये नाचायला सोडलं. लाखो घरांत तो कार्यक्रम पाहिला जाई. तो थेट प्रक्षेपित व्हायचा आणि त्याचे बहुतेक भाग जतनच झाले नाहीत. ज्या पोरापोरींनी तिथे नाचून घेतलं त्यांचे ते चेहरे हवेत विरून गेले. १९५८मध्ये त्याच कार्यक्रमावरून जो चित्रपट निघाला तो म्हणून मला मोलाचा वाटतो. दोन मुली रात्रीच्या गाडीने लंडनला निघतात आणि गाडीच्या डब्याडब्यातून गाणी सुरू होतात, इतकीच गोष्ट. पण जॉन बॅरीचा सातजणांचा बँड त्यात आहे, पुढे जेम्स बाँडच्या चित्रपटांना संगीत देणारा तोच जॉन बॅरी, इथे अगदी पोरसवदा.

माझ्या कामामुळे मला एक खोड लागली आहे. कोण खरोखर गातंय आणि कोण नुसते ओठ हलवतंय हे मी बघतेच. या फिल्मांत जवळजवळ सगळेच ओठ हलवतात, गाणं आधी स्टुडिओत रेकॉर्ड झालेलं असतं. ओळखायचं कसं? ओळ सुरू होण्याआधी माणूस श्वास घेतो, खांदा किंचित उचलला जातो. ओठ हलवणारा हे विसरतो. जबडा हलतो, पण मानेच्या शिरा ताणल्या जात नाहीत. इलेक्ट्रिक गिटारला वायरच नसते. गिटारींवरूनही साल कळतं. अमेरिकन वाद्यांच्या आयातीवर १९५९पर्यंत निर्बंध होते, त्यामुळे आधीच्या फिल्मांत जर्मन हॉफनर, नाहीतर ब्रिटनमध्येच बनलेल्या ग्रिमशॉ. १९५९मध्ये गायक क्लिफ रिचर्डने आपला गिटारवादक हँक मार्विनसाठी अमेरिकेहून फेंडर स्ट्रॅटोकॅस्टर मागवली, त्यानंतर पडद्यावरचं सगळं चित्रच पालटलं. माझी खरी मजा मात्र वेगळी आहे. गायक ओठ हलवतो, पण मागचे नाचणारे खोटं नाचू शकत नाहीत. त्यांचा घाम खरा असतो.

‘इट्स ट्रॅड, डॅड!’वर मी स्वतंत्र लिहायला हवं, इथे थोडक्यात. १९६२. रिचर्ड लेस्टरचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट, तोही सव्वा तासाच्या आसपासच. पटकथा म्हणून त्याच्या हातात २४ पानं पडली. त्याला वाटलं हा आराखडा असेल, तर तीच पटकथा होती! एका गावात महापौरांना पोरांचं संगीत खपत नाही, म्हणून दोन मुलं थेट टीव्हीवरच्या निवेदकांना आणायला निघतात. त्यातली एक हेलन शपिरो, बेथनल ग्रीनची, तेव्हा पंधरा वर्षांची, आवाज मात्र असा भारदस्त की डोळे मिटले तर तिशीतली बाई गातेय असं वाटावं. लेस्टरने काय केलं, तर गोष्टीचा आवच आणला नाही. निवेदकाचा आवाज म्हणतो आणि पात्रं एका क्षणात दुसऱ्या जागी पोचतात. गाण्यांसाठी अनेक कॅमेरे एकाच वेळी लावले, प्रत्येक गाण्याची दाखवण्याची रीत वेगळी ठेवली. नेहमी काळ्या कातड्याच्या जाकिटात दिसणारा जीन व्हिन्सेंट इथे नखशिखांत पांढऱ्यात आहे. ट्विस्ट या नव्या नाचाचं वेड आलंय म्हटल्यावर लेस्टर न्यूयॉर्कला जाऊन चबी चेकरचं गाणं चित्रित करून आला. छायाचित्रण गिल्बर्ट टेलरचं. हीच लेस्टर-टेलर जोडी दोन वर्षांनी बीटल्सच्या पहिल्या चित्रपटावर होती. त्या चित्रपटात जे जे नवं म्हणून नावाजलं गेलं त्यातलं बरंचसं इथे आधी करून पाहिलेलं आहे. बीटल्सना लेस्टर आवडला होता तो त्याच्या १९५९च्या ११ मिनिटांच्या, पीटर सेलर्सबरोबर दोन रविवारांत ७० पौंडांत केलेल्या फिल्ममुळे. छोट्या फिल्मांचं ऋण हे असं आहे.

१९६३च्या ‘लिव्ह इट अप!’मध्ये टपाल खात्याचे तारवाले पोरगे बँड काढतात. डेव्हिड हेमिंग्ज त्यांचा म्होरक्या. ड्रमवर सोळा वर्षांचा स्टीव्ह मॅरियट, दोनच वर्षांत स्मॉल फेसेस या बँडमध्ये गाणार होता. संगीत जो मीकचं, ३०४ हॉलोवे रोडला चामड्याच्या वस्तूंच्या दुकानावर असलेल्या त्याच्या राहत्या घरात रेकॉर्ड करणाऱ्या माणसाचं. आणि काउबॉय वेशातल्या आउटलॉज नावाच्या बँडमध्ये कोपऱ्यात गिटार वाजवतोय तो रिची ब्लॅकमोर, त्याचा गाजलेला रॉक बँड डीप पर्पल अजून पाच वर्षं दूर आहे. हा चित्रपट मी बघते तेव्हा प्रत्येक वेळी थांबवत थांबवत बघते. टपालवाल्यांचे गणवेश, मोटरसायकली, रस्त्यातली रिकामी जागा.

एक शोध मी नेहमी घेते, आणि तो जड जातो. माझ्यासारखा चेहरा कुठे दिसतो का? क्लिफ रिचर्ड लखनौला जन्मला, १९४८मध्ये त्याचं कुटुंब इंग्लंडला आलं, पण पडद्यावर त्याचा काही मागमूस नाही. १९६२च्या ‘प्ले इट कूल’मध्ये दक्षिण आफ्रिकेहून आलेला डॅनी विल्यम्स गातो, त्याच्या आधीच्या वर्षी त्याचं गाणं पहिल्या क्रमांकावर पोचलं होतं. स्टेजवर असे गोरे नसलेले चेहरे दिसतात. नाचणाऱ्यांत फार क्वचित. १९५८मध्ये लंडनच्या नॉटिंग हिलला वांशिक दंगली झाल्या, त्या काळातले हे डान्स फ्लोअर आहेत हे मी विसरू शकत नाही, आणि म्हणूनच कडेला एखादा काळा मुलगा गोऱ्या मुलीचा हात धरून गिरकी घेताना दिसला की मी ते चित्र थांबवून ठेवते.

१९६४नंतर पैसा आला, रंग आला, आणि माझं मन थोडं उडालं. चांगल्या फिल्मा आहेत. जॉन बोरमनने १९६५मध्ये डेव्ह क्लार्क फाइव्ह या बँडला घेऊन जो चित्रपट केला, ज्यात ते वादक नसून स्टंट करणारे आहेत, तो तर उदास आणि सुंदर आहे. पण आता स्टार मध्यभागी आला आणि नाचणारे मागे धूसर झाले. पुढे गाण्यापुरत्या तीन मिनिटांच्या फिल्मा टीव्हीला धाडायची पद्धत पडली.

डेव्ह क्लार्क फाइव्हचं नाव काढलं की शेजारच्या बाईंचे डोळे चमकतात. टॉटनम रॉयल या डान्स हॉलला तो बँड कायम वाजवायचा आणि त्या तिथे नाचायला जायच्या. पाय कापलेल्या प्रसंगानंतरच्या रविवारी मी त्यांच्याकडे लॅपटॉप घेऊन गेले आणि ‘मॉमा डोन्ट अलाउ’ अख्खी, पायांसकट, लावली. त्यांनी आधी कपडेच बघितले. ‘‘तो स्कर्ट घरी शिवलेला आहे,’’ म्हणाल्या. ‘‘खालची दुमड बघ, एका बाजूला उतरलीये. आम्ही शुक्रवारी रात्री शिवायचो आणि शनिवारी घालायचो, सरळ करायला वेळ कुणाला होता?’’ मी ती फिल्म किती वेळा पाहिली असेन, दुमड कधी दिसली नव्हती.

मग त्या जरा गप्प झाल्या. म्हणाल्या, ‘‘यात आवाज नाहीये.’’ मी लॅपटॉपचा आवाज वाढवला. ‘‘तो नाही गं. बुटांचा.’’ आणि खरंच, आवाज वेगळा रेकॉर्ड करून नंतर जोडलेला आहे, बँडच्या वादनाखाली पाय ऐकूच येत नाहीत. मी विचारलं, कसा असायचा? लाकडी जमीन, त्यावर घसरायला सोपं जावं म्हणून पांढरी भुकटी टाकलेली. दोनेकशे जोडे एकदम. त्या उठल्या, टेबलाची कड धरली आणि सपाता घातलेला उजवा पाय लिनोलियमवर आधी पुढे, मग तिरका, मग मागे घासला. ‘‘असा. पण दोनशे पट.’’

मी वही काढली आणि सवयीने कंसात लिहून घेतलं: पायांची घसट, भुकटीवर.